दवंडीनानाची चाल

नवऱ्याचं नाव घ्यायचं नाही ही पद्धत मी कागदापुरती मोडते आहे. ज्या माणसाचं नाव टीव्हीच्या पडद्यावर झळकावं म्हणून मी स्वतःच्या हाताने अक्षरं रंगवली, त्याला 'आमचे हे' म्हणत बसले तर गोष्ट पुढे सरकायची नाही. तर श्रीपत. तोंडावर अहो, इथे अरेतुरे. त्याला चालेल, आणि नाही चाललं तर सांगतो कुणाला.

श्रीपत टीव्हीसाठी कार्टून करायचा. दहिवलीत हे सांगितलं की लोक विचारायचे, "ते ठीक हाय, पन कामाला कुटं हाय?" सुरुवातीला त्याने कर्जतच्या बाजारात दुकानांच्या पाट्या रंगवल्या, शिळफाट्याला ट्रकच्या मागे गरुड आणि कमळं काढली. मग मुंबईत एका स्टुडिओत चिकटला. तिथे जाहिरातींच्या कार्टूनमध्ये आधी नुसते रंग भरले, मग दोन चित्रांच्या मधली चित्रं काढली, मग अख्खी माणसं हलवायला लागला. मुंबईला टीव्ही आला तेव्हा टीव्हीवाल्यांना असा माणूस हवाच होता, जो गोष्ट लिहील, चित्रं काढील, दिग्दर्शन करील आणि वेळ आली तर कोंबड्याचा आवाजही काढील. श्रीपत यातलं सगळं करायचा. घाटात ब्रेक तपासा हे ट्रकवाल्यांना सांगणारी फिल्म, कणगीतल्या उंदरांची फिल्म, पोस्टातल्या बचतीची, पाढ्यांची, आणि मधूनच मुलांसाठी एका आळशी घोरपडीची गोष्ट. मी म्हणायचे, "उद्या कुणी बातम्या कार्टूनमध्ये मागितल्या तरी तुम्ही हो म्हणाल." तो म्हणायचा, "मग? बातम्या देणारा बगळा करीन."

फिल्मचं शूटिंग मुंबईत व्हायचं, पण बाकी सगळं काम आमच्या पडवीत. एक काचेचं टेबल, काचेखाली दिवा, त्यावर श्रीपत वाकलेला. त्याच्या चित्रांवर पारदर्शक पत्रे ठेवून, आम्ही त्यांना सेल म्हणायचो, मी आणि शेजारची गोदूबाई रेघा गिरवायचो आणि मागच्या बाजूने रंग भरायचो. रंग म्हणजे काय, तेव्हा टीव्ही काळापांढरा, त्यामुळे सगळे करडेच. फिका करडा म्हणजे पिवळं लुगडं, त्याहून गडद म्हणजे लाल, आणखी गडद म्हणजे पिकलेलं जांभूळ. गोदूबाई म्हणायची, "आपल्या नशिबाला राखाडीच गं." पण हात तिचा माझ्याहून साफ.

श्रीपतची काम करायची एक रीत होती, आणि तिच्यामुळे अख्खी दहिवली त्याच्या फिल्मांत येऊन गेली. तो तोंडापासून सुरुवात कधी करायचा नाही. तो म्हणायचा, माणूस आधी पायांत असतो. पोस्टमन दिसला की, "जरा तिथपर्यंत चालून दाखवा." दूधवाला दिसला की, "परत चाला." मग तीच चाल घेऊन तो उंदराला द्यायचा, म्हशीला द्यायचा, ट्रकलासुद्धा द्यायचा. एका फिल्ममधली अंड्यांवरून उठून दाण्यांकडे पळणारी कोंबडी म्हणजे मी. हे मला कुणी सांगितलं नाही, पडद्यावर मी स्वतःच ओळखलं आणि दोन दिवस त्याच्याशी बोलले नाही.

गावात टीव्ही एकच, वरच्या आळीत, ग्रामपंचायतीच्या खोलीत. उंच बांबूला अँटिना बांधलेला आणि वारं सुटलं की एकाने बाहेर तो धरून उभं राहायचं. श्रीपतची फिल्म असली की खोली भरायची आणि खेळ सुरू व्हायचा: ही चाल कुणाची? वरच्या आळीतला मोरू, भाताची शेती करणारा गमत्या माणूस, या खेळाचा म्होरक्या. घोरपड चालायला लागली की तो ओरडायचा, "आरं, ह्यो तर धाऊ!" आणि धाऊ मान खाली घालून हसायचा. स्वतः मोरू म्हैस झाला होता आणि त्याचा त्याला केवढा अभिमान.

या सगळ्यात एकच माणूस राहिला होता, माझे सासरे, पांडू. मी त्यांना मामा म्हणते. ते रेल्वेत गँगमन होते, पळसदरीच्या अंगाला रुळांवरून वर्षानुवर्षं चाललेले. त्यामुळे जमीन सपाट असली तरी त्यांची पावलं रुळांखालच्या आडव्या स्लीपरवर पडल्यासारखी, एकसारख्या अंतरावर. पाठ ताठ, नजर समोर. श्रीपत म्हणायचा, "बाबांच्या चालीत घेण्यासारखं काही नाही. सरळच्या सरळ." सासूबाई, ठकूबाई, त्यांना मी आत्या म्हणते, त्या मात्र विचारायच्या, "आरं, कोंबडी झाली, म्हस झाली. माजा म्हातारा कवा यायाचा?" मामा तर टीव्ही बघायलाही जायचे नाहीत. नोकरी होती तोवर वेळ नसतो म्हणायचे, आणि निवृत्त झाल्यावर रेडिओ बरा म्हणायचे.

एकोणऐंशी सालच्या पावसाळ्याआधी टीव्हीवाल्यांनी पाणी उकळून पिण्याबद्दल एक फिल्म मागितली. श्रीपतने दवंडीवाला योजला. गळ्यात डफडं अडकवून तो गावभर फिरतो, 'ऐका हो ऐका, पानी उकळूनशान प्या' म्हणून ओरडतो आणि दर घरातून एक नवी सबब ऐकतो. आवाजही श्रीपतचाच. या वेळी त्याने कुणालाच चालायला लावलं नाही. एका बैठकीत चाल काढली. एक खांदा खाली झुकलेला, पाठीला बाक, आणि घर जवळ आलं की चालता चालता एक पाऊल पटकन बाजूला, खेकड्यासारखं, मग परत सरळ. मी चित्रं फडफडवून बघितली आणि हसत सुटले. "कोण हो हा?"

"कुणी नाही," तो म्हणाला. "माझ्या डोक्यातून निघालेला हा पहिलाच माणूस आहे, मालन. इतकी वर्षं लोकांच्या चाली उचलल्या. ही माझी."

इतका खूश मी त्याला आमच्या लग्नातही पाहिला नव्हता.

टीव्हीवरच्या ज्या बाई कामं देत, त्यांना ते बाजूला टाकलेलं पाऊल फार आवडलं. त्यांनीच त्याचं नाव ठेवलं दवंडीनाना. फिल्म लागल्यावर लोकांची पत्रं आली म्हणे, आणि बाई म्हणाल्या, "गायकवाड, याच्यावर मालिका करा. तेरा भाग. पण तो पाऊल टाकतो ना बाजूला, ते दर भागात हवं हं." श्रीपत घरी आला तो पेढे घेऊनच. सुट्या सुट्या फिल्मा करणाऱ्याला तेरा भाग म्हणजे काय, हे बाहेरच्याला कळायचं नाही. दर महिन्याला कुणाकडे तरी काय काम आहे विचारायला जाणं संपणार होतं. आणि स्वतःचा, नावाचा माणूस मिळणार होता, जो घोरपड आणि उंदरांसारखा एकदा येऊन गेला असं होणार नव्हतं.

ती पहिली फिल्म लागली तेव्हा दहिवलीत वीज नव्हती; पेढ्यांनंतर ती परत लागली आणि आम्ही पाहिली, तेव्हाची गोष्ट सांगायला हवी. आम्ही सगळे पंचायतीच्या खोलीत, मामा सोडून. दवंडीनाना चालायला लागला, घरापाशी आला, पाऊल बाजूला, आणि खोली हसून फुटली. मोरू ओरडला, "कुनाची रं ही?" धाऊची म्हणून झालं, नामाची म्हणून झालं, कुणी शाळेच्या हेडमास्तरांचं नाव घेतलं. काही जुळेना. मोरू हरला म्हणून श्रीपत हात बांधून मिशीत हसत उभा. मी आत्यांकडे पाहिलं. त्या हसत नव्हत्या. फिल्म संपायच्या आधीच त्या उठल्या, पदर सावरला आणि निघून गेल्या. मला वाटलं, बरं वाटत नसेल.

घरी आलो तर त्या चुलीपुढे बसलेल्या. श्रीपतने विचारलं, "आये, काय झालं?"

"बापाला चारचौघांत नाचवलास," त्या म्हणाल्या. "वरच्या आळीत बसून. नि वर हसतूस."

"बाबांना? ही बाबांची चाल कुठे आहे? बाबा असे चालतात का?"

"आता नाय चालत. छप्पन साली धर्म घेतला तवा ते डफडं उल्हास नदीत टाकलं, नि ती चालबी टाकली. तू सात-आठ वर्साचा व्हतास. तुला म्हाईत नाय?"

श्रीपत पडवीत गेला आणि चित्रांचा गठ्ठा उचलून फडफडवायला लागला. मी दारात उभी होते. बराच वेळ त्याने तेच केलं, पहिल्यापासून शेवटपर्यंत, परत पहिल्यापासून. मग गठ्ठा उलटा घालून ठेवला. "मालन, ही माझ्या डोक्यातून नाही आली," एवढंच म्हणाला. मला खरं सांगायचं तर त्याचा रागच आला. इतक्या लोकांच्या चाली ओळखणाऱ्या माणसाला आपल्या बापाची ओळखता येऊ नये? पण मग मी स्वतःला विचारलं, मी या घरात आले तेव्हापासून मामांना ताठच पाहिलं, मला तरी काय माहीत होतं. दवंडी, निरोप, मेलेली ढोरं, हे सगळं त्या वर्षी आपल्या लोकांनी सोडलं हे माझ्या माहेरी पण ऐकलेलं. ते सोडण्याआधी माणूस चालायचा कसा, हे कुणी सांगत नाही.

मामांना सांगायचं नाही असं आम्ही ठरवलं. ठरवून काय होतंय. दोन-चार दिवसांत गावातली सगळी पोरं दवंडीनाना झाली. तेलाचा डबा गळ्यात, खांदा वाकडा, आणि घर आलं की टुणकन पाऊल बाजूला. अशी एक वरात आमच्या अंगणासमोरून गेली तेव्हा मामा ओट्यावर बसलेले होते. त्यांनी ती जाऊ दिली. वळणापर्यंत बघत राहिले. मग पडवीत आले आणि श्रीपतला म्हणाले, "दाखव."

श्रीपतने नको नको केलं. मामांनी हात पुढे केला. मग त्याने गठ्ठा काढला आणि त्यांच्यासमोर अंगठ्याने चित्रं सोडली.

"पुन्ना," मामा म्हणाले.

परत सोडली.

"ह्यो बाजूला का व्हतो?"

"असंच, बाबा. गंमत म्हणून."

"गंमत," मामा म्हणाले. रागावले नव्हते. स्टूल ओढून बसले आणि त्या चित्रातल्या माणसाच्या पाठीवर बोट ठेवलं. "डफड्यानं खांदा वाकत नाय. डफड्याचं वजन कितीसं? तुला खांद्यावर घेऊन बाजारात जायचो त्यापरीस कमी. ही चाल डफड्याची नाय, ही वरच्या आळीची हाय. दवंडी सकाळच्या पारी द्यायची. ऊन डाव्या अंगानं यायचं नि सावली उजवीकडं, लोकांच्या ओट्यांवर पडायची. ती पडू द्यायची नाय. पडली का बाया पानी शिंपायच्या, नि शिव्या वर. म्हून घर आलं का वाकायचं नि एक पाऊल बाजूला व्हायचं. वाकलं का सावली आखूड व्हते."

गोदूबाईच्या हातातला ब्रश वाळला.

"तू माज्या मागं मागं यायचास," मामा पुढे म्हणाले. "मी पाऊल टाकलं का तूबी टाकायचास, नि खिदळायचास. तुला वाटायचं बाप खेळतोय. मी कदी सांगितलं नाय. म्हटलं, खेळच ऱ्हाऊ दे तुला."

श्रीपत त्या काचेच्या टेबलावर डोकं टेकून रडला. मीही रडले, पण माझ्या रडण्यात राग जास्त होता, आणि तो कुणावर काढावा कळत नव्हतं. वरच्या आळीतला मोरू काही वाईट माणूस नाही. त्याच्या आजीने पाणी शिंपलं असेल, त्याने नाही. पण हसला तो ना, खदाखदा. आणि मीही हसले होते.

दुसऱ्या दिवशी श्रीपत मुंबईला गेला आणि बाईंना म्हणाला की दवंडीनाना करीन, पण चाल बदलीन. बाई म्हणाल्या, "अहो, लोक त्या पावलासाठीच तर बघतात!" त्याने कारण सांगितलं नाही. रात्री मी म्हटलं, "सांगून टाकायचं होतंत. बाई चांगल्या आहेत, समजून घेतलं असतं."

"तेच नकोय," तो म्हणाला. "सांगितलं तर त्या दया म्हणून हो म्हणतील. मला दया नको, चाल बदलून हवी."

शेवटी बाई म्हणाल्या, एक भाग तुमच्या मनासारखा करून आणा, मग बघू.

तेव्हा श्रीपतने जे आयुष्यात केलं नव्हतं ते केलं. अंगणात उभा राहून म्हणाला, "बाबा, जरा चालून दाखवता?" मामांनी टोपी नीट केली. विहिरीपासून दारापर्यंत चालत आले, परत गेले, परत आले. आत्या तोंडाला पदर लावून बघत होत्या. "बास?" मामांनी विचारलं. श्रीपत म्हणाला, "अजून एकदा," आणि मामा आणखी एकदा चालले, नेहमीसारखेच, स्लीपरवरून चालावं तसे.

नव्या भागात दवंडीनाना रस्त्याच्या मधोमध ताठ चालतो. हसायचं काय होतं ते श्रीपतने घरवाल्यांकडे दिलं. मुलींना शाळेत घाला म्हटल्यावर ते लोक दारं लावतात, खाटेखाली लपतात, एक आजोबा तर पिंपात बसतात. पण आणखी एक गोष्ट त्याने वाढवली. त्याने दवंडीनानाला सावली दिली. कार्टूनमध्ये सावली म्हणजे दुप्पट काम, एरवी आम्ही कधीच करायचो नाही. सकाळच्या उन्हातली लांबलचक सावली, दर पावलाला हलणारी, ओट्यावर चढणारी, दारावर उभी राहणारी. एका सेकंदाला बारा चित्रं, आणि दर चित्राला एक सावली. ती सगळी मी रंगवली. गोदूबाई म्हणाली, अर्ध्या मला दे. मी म्हटलं, नाही, या माझ्या. कुठला करडा घ्यावा याचा विचारच केला नाही, गडदातला गडद घेतला.

मालिका तेरा भागांची झाली नाही, हे आधीच सांगून टाकते. बाईंनी नवा भाग पाहिला, छान आहे म्हणाल्या, सावली कशाला घातलीत, कोण बघतंय, असंही म्हणाल्या, आणि हसू कमी येतंय म्हणाल्या. सगळं मिळून तीन भाग झाले. मग श्रीपत परत सुट्या फिल्मांकडे वळला. खतं, पोलिओ, मधमाश्या, जे येईल ते. त्याला वाईट वाटलं, बरेच दिवस वाटलं, आणि ते त्याने लपवलं नाही. पेढ्यांचा पुडा आणलेला माणूस होता तो.

पण तो नवा भाग लागायचा होता त्या दिवशी मामा म्हणाले, "मी येतो." धुतलेला सदरा घातला, धोतर नेसले आणि आमच्यापुढे चालायला लागले. वरच्या आळीत ते इतक्या वर्षांत कामापुरतेच गेले असतील. त्या दिवशी रस्त्याच्या मधून गेले, दोन्हीकडचे ओटे बघत. पंचायतीच्या खोलीत मोरूने त्यांना पुढची खुर्ची दिली. "या, पांडूबाबा, बसा." ते बसले.

फिल्म सुरू झाली. दवंडीनाना आला, ताठ. पोरं वाट बघत होती, आता पाऊल टाकेल, आता टाकेल. त्याने टाकलं नाही. त्याची सावली पहिल्या ओट्यावर चढली, मग दुसऱ्या, मग तिसऱ्या, आणि तो ओरडत राहिला. पिंपातल्या आजोबांना लोक हसले. आणि मग मोरूने, खेळ सोडायचा कसा म्हणून, हाळी दिली, "ही चाल कुनाची रं?"

कुणी म्हणालं स्टेशनमास्तरची. कुणी म्हणालं पोलिसाची.

"माजी," मामा म्हणाले.

खोलीत वळून वळून लोक त्यांच्याकडे बघायला लागले. भिंतीला टेकून वरच्या आळीतली दोन-तीन म्हातारी माणसं बसली होती, त्यांनी मात्र बघितलं नाही, ती पडद्याकडेच बघत राहिली. मोरू हसत म्हणाला, "खरंच की! रुळावरची चाल! आमी कशी वळखली नाय?"

"चालबी माजी," मामा म्हणाले, "नि सावलीबी माजी."

मोरूचं हसू तोंडावरच राहिलं. त्याला कितपत कळलं कोण जाणे, पण तो खाली बसला. फिल्म संपल्यावर मामा उठले, आत्यांना म्हणाले, "चल गं, भूक लागली." आम्ही सगळे त्यांच्या मागून निघालो. श्रीपत माझ्या शेजारी होता, आणि त्या आळीतून बाहेर पडेपर्यंत तो बापाच्या पावलावर पाऊल टाकत चालत होता.